चांदण्यावर मोटार चालेल का?

(या भागाचं हे लिखित रूप. बोलताना आलेले जास्तीचे 'म्हणजे' आणि 'तर' काढलेत, आकडेमोड परत एकदा करून घेतलीय. बाकी गप्पा तशाच ठेवल्यात.)

आजचा विषय आपल्या ऐकणाऱ्यांपैकीच एकीनं दिलाय. ती मराठीत एक कल्पनारम्य कादंबरी लिहितेय. तिच्या गोष्टीतल्या राज्यात कोळसा नाही, वीज नाही, आहे ते फक्त चांदणं. तिथले कारागीर 'चांद्रविद्या' शिकतात. चांदणं गोळा करणारे आरसे, चांदणं साठवणाऱ्या कुप्या, पौर्णिमेला आपोआप चालणारी मोट, असं सगळं. तिचा प्रश्न मला फार आवडला. ती म्हणते, जादू आहे हे मान्य, पण जादूलाही काहीतरी हिशोब हवा ना? खऱ्या चांदण्यात नेमका दम किती असतो?

आता गंमत अशी, की हाच प्रश्न आपल्या बीड जिल्ह्यात जादूशिवाय विचारला जातो. सौर पंप बसवलेला शेतकरी हमखास विचारतो, "पौर्णिमेला एवढं लख्ख असतं, थोडं तरी पाणी उचलेल का हो?" आणि पॅनल विकणारा एखादा बहाद्दर सांगूनही टाकतो की हो, चांदण्यात पण थोडं थोडं चालतं. म्हणून आज दोघांनाही एकच उत्तर देऊ.

चालत नाही. थोडं थोडंसुद्धा नाही. पण का नाही, आणि मग चांदण्याच्या नावावर एवढ्या गोष्टी जमा कशा झाल्या, हे जास्त मजेशीर आहे.

आधी मोटारीचा हिशोब. आपला डोळा फार लबाड आहे. पौर्णिमेच्या रात्री बांध दिसतो, वाट दिसते, लांबून येणारा माणूस दिसतो, त्यामुळे वाटतं की उजेड दिवसाच्या शंभरावा हिस्सा तरी असेल. प्रत्यक्षात पूर्ण चंद्राचा उजेड सूर्याच्या साधारण चार लाखावा हिस्सा असतो. डोळा अंधाराला सरावतो आणि हा चार लाखांचा फरक गिळून टाकतो. पॅनल सरावत नाही. त्याला जेवढं मिळेल तेवढंच ते देतं.

५ एचपीच्या सौर पंपाला साधारण ५ किलोवॅटचे पॅनल लागतात, म्हणजे ५००० वॅट. भागा चार लाखांनी. उत्तर येतं ०.०१२५ वॅट, म्हणजे साडेबारा मिलीवॅट. एवढ्यात पाणी सोडा, पंपाच्या कंट्रोलरचा डिस्प्लेसुद्धा उजळणार नाही. चार्जरवर तो बारका लाल दिवा असतो ना, तेवढ्या कामाची ही गोष्ट. तीही कागदावर, कारण इतक्या कमी उजेडात पॅनल आतल्या आत गळतं आणि व्होल्टेज उभंच राहत नाही.

उलटा हिशोब करू. चांदण्यावर हीच मोटार चालवायची तर पॅनल किती लागतील? ५ किलोवॅटला साधारण २५ चौरस मीटर जागा धरा. गुणिले चार लाख. एक कोटी चौरस मीटर, म्हणजे १००० हेक्टर, म्हणजे जवळपास अडीच हजार एकर. कित्येक गावांचं अख्खं शिवार काचेनं झाकायचं, तेव्हा एका विहिरीवरची एक मोटार चालणार. आणि झाकलेल्या रानात पाणी कशाला द्यायचं, हा प्रश्न वेगळाच.

मी यावर एवढा अडून का बसलोय ते सांगतो. आपल्याकडे रात्रीची मोटार हा चेष्टेचा विषय नाही. शेतीची थ्री फेज लाईट चक्राकार पद्धतीनं येते, काही दिवस दिवसा, काही दिवस रात्री. रात्रीची पाळी आली की माणूस थंडीत, चिखलात, बॅटरी तोंडात धरून दारं धरायला जातो. मण्यार, घोणस रात्रीच फिरतात. २०२० च्या नोव्हेंबरात आष्टी तालुक्यात बिबट्यानं माणसं मारली, डिसेंबरात करमाळा तालुक्यात त्याला गोळी घालावी लागली, तोवर त्या भागातल्या लोकांनी रात्रीचं पाणी कसं दिलं असेल याचा विचार करा. सौर पंपाचं मोल इथं आहे: काम दिवसा होतं. 'मागेल त्याला सौर कृषी पंप' योजनेत शेतकऱ्याचा हिस्सा १० टक्के आहे, अनुसूचित जाती-जमातीच्या शेतकऱ्यांना ५ टक्के. या पंपाला बॅटरी नसते, सूर्य मावळला की तो बंद. त्यामुळे 'रात्री पण चालणारं' म्हणून कुणी वेगळं पॅनल, वेगळी काच, वेगळा डबा वरचे पैसे घेऊन गळ्यात मारत असेल तर सरळ नाही म्हणा. रात्रीसाठी पाणी साठवायचं असेल तर दिवसा शेततळ्यात उचलून ठेवा, तीच तुमची बॅटरी.

बरं, कादंबरीवाल्या मैत्रिणीकडे वळू. तिचा पुढचा प्रश्न असणार: एवढे पॅनल कशाला, मोठं भिंग लावा ना! सगळं चांदणं एका ठिकाणी आणा.

ही कल्पना खऱ्या जगातही माणसांना सुचलेली आहे. आंद्रे ब्रोसेल नावाच्या जर्मन वास्तुविशारदानं बार्सिलोनात राहून 'रॉलेमन' नावाचा प्रकल्प काढला होता. भलामोठा पारदर्शक गोळा, त्याच्या मागं छोटं पॅनल, आणि दावा असा की हे चांदणंसुद्धा गोळा करतं. दिसायला अप्रतिम. अमेरिकेत ॲरिझोनातल्या टक्सन शहराजवळ एका जोडप्यानं तर वाळवंटात आरशांची प्रचंड भिंत उभी केली, लोक तिच्यापुढं चांदण्यात न्हायला उभे राहायचे, बरं वाटावं म्हणून.

भिंगानं उजेड एकवटतो, यात खोटं काही नाही. पण त्याला एक मर्यादा आहे आणि ती पैशानं, कारागिरीनं ओलांडता येत नाही. ती अशी समजून घ्या. भिंग काय करतं? त्याच्या मागं बसलेल्या मुंगीला चंद्र मोठा दिसायला लावतं. भिंग जितकं भारी, तितका मुंगीच्या आभाळातला चंद्र मोठा. जगातलं सगळ्यात भारी भिंग घेतलं तर मुंगीचं पूर्ण आभाळ चंद्रानं भरून जाईल. त्यापुढं काय? आभाळच संपलं. म्हणजे मुंगीला जास्तीत जास्त तेवढाच उजेड मिळेल, जेवढा चंद्राच्या जमिनीवरून निघतो.

आणि चंद्राची जमीन काळी आहे! हे लोकांना पटत नाही, पण चंद्र त्याच्यावर पडलेल्या उन्हातला जेमतेम १२ टक्के उजेड परत फेकतो. डांबरी रस्ता असतो ना, किंवा नांगरून ठेवलेलं आपलं काळं रान, तसाच काहीसा रंग. काळ्याकुट्ट आभाळापुढं एकटाच उभा असल्यामुळं तो पांढरा दिसतो. तर परिपूर्ण भिंग लावूनही तुम्हाला दुपारच्या उन्हाच्या दहाव्या हिश्शाच्या आसपासच उजेड मिळणार, तोही टिचभर जागेत. त्यावर कापूस पेटणार नाही. सूर्याच्या भिंगानं लहानपणी आपण कागद जाळायचो, तसं चंद्राच्या भिंगानं कधीच जळणार नाही. कादंबरीत चांदण्यानं वैरी भस्म होत असेल, तर तिथं शुद्ध जादू वापरावी लागेल, विद्या चालणार नाही.

आणखी एक गोष्ट, जी गोष्ट लिहिणाऱ्याला सोन्यासारखी आहे. अष्टमीचा चंद्र अर्धा दिसतो, मग उजेड निम्मा असेल? नाही. पौर्णिमेच्या दहाव्या हिश्शाहूनही कमी. चंद्राची जमीन खडबडीत, धुळीची. ऊन तिरपं पडलं की प्रत्येक खड्याची, प्रत्येक खळग्याची सावली पडते आणि उजेड मार खातो. पौर्णिमेला सूर्य बरोबर आपल्या पाठीमागून चंद्रावर पडतो, सगळ्या सावल्या खड्यांच्या मागं लपतात, आणि चंद्र एकदम उजळतो. पौर्णिमेच्या अडीचेक दिवस आधी आणि नंतर उजेड निम्म्यावर आलेला असतो. म्हणजे तिच्या राज्यातले कारखाने महिन्यातून चार-पाच रात्रीच धड चालणार. त्यातही ऋतू उलटा: हिवाळ्यात आपल्याकडं सूर्य खाली कलतो तेव्हा पौर्णिमेचा चंद्र जवळपास डोक्यावरून जातो. आषाढातला दक्षिणेकडं कललेला, आणि वरून ढग. मार्गशीर्षात सुगी, आषाढात उपासमार. राज्याचं अर्थकारण आयतंच तयार.

आता मला ज्या भागात खरी मजा येते तिकडं येतो.

संस्कृत काव्यात एक चंद्रकांत मणी असतो. सूर्यकांत मणी उन्हात ठेवला की आग टाकतो, आणि चंद्रकांत मणी चांदण्यात ठेवला की पाझरतो, त्यातून पाणी निघतं. (आपल्या घराघरातल्या चंद्रकांतकाकांच्या नावामागं हाच मणी आहे, काकांना सांगून बघा.) सूर्यकांत म्हणजे भिंगासारखं काहीतरी असणार, हे सहज लक्षात येतं. पण चंद्रकांताचं काय? उजेडातून पाणी कसं निघेल?

जरा विचार करा. दगड रात्रभर उघड्यावर ठेवला. आभाळ निरभ्र, चंद्र लख्ख. पहाटे दगडाला हात लावला तर ओला. हे तर आपण सगळ्यांनी बघितलंय. बघितलंय ना? गाडीच्या टपावर, पत्र्यावर, अंगणात विसरलेल्या ताटावर. दव!

आणि इथं सगळी गफलत आहे. चंद्र लख्ख दिसतो त्या रात्री आभाळ निरभ्र असतं. निरभ्र आभाळ असतं तेव्हा दव पडतं. त्यामुळं चंद्र दिसला आणि दव पडलं, या दोन गोष्टी जोडीनं येतात, आणि श्रेय चंद्राला जातं. आमच्या सॉफ्टवेअरच्या धंद्यात हे रोजचं आहे. दोन आलेख बरोबर वर गेले की कुणीतरी उठून म्हणतं, याच्यामुळं ते झालं. खरं कारण तिसरंच असतं.

तिसरं कारण असं. प्रत्येक वस्तू सतत उष्णता बाहेर फेकत असते, न दिसणाऱ्या किरणांच्या रूपात. जमीन, दगड, पत्रा, तुम्ही, मी, सगळे. ढग असले तर ते खालून आलेली ही उष्णता परत खाली पाठवतात, गोधडीसारखे. म्हणून तर हिवाळ्यात आभाळ आलं की थंडी पळते. आभाळ मोकळं असलं की ही उष्णता वातावरणातून पार होऊन थेट अंतराळात जाते, आणि अंतराळ भयंकर थंड. त्यामुळं उघड्यावरचा दगड आसपासच्या हवेपेक्षाही गार पडतो. हवेतली वाफ त्याच्यावर बसते आणि पाणी होतं. मणी पाझरला!

आता दोन आकडे शेजारी ठेवतो, आजच्या भागातलं हे एवढं लक्षात ठेवलंत तरी चालेल. पूर्ण चांदणं एका चौरस मीटरला देतं साधारण अडीच मिलीवॅट. त्याच रात्री, त्याच चौरस मीटरमधून मोकळं आभाळ उष्णता ओढून नेतं ५० ते १०० वॅट. वीस हजार पटीहून जास्त. चंद्र एक कवडी टाकतो आणि आभाळ पोतं उचलून नेतं. आपण मात्र कवडीकडं बघत बसलेलो असतो, कारण ती चमकते.

चांदणं शीतल असतं असं जे म्हणतात, त्यामागंही हेच आहे. कोजागरीचं बघा. पावसाचे चार महिने आभाळ गोधडी पांघरून बसलेलं. ऑक्टोबरात पाऊस परततो, आभाळ धुऊन स्वच्छ होतं, जमिनीत आणि हवेत ओल भरपूर, आणि त्यात ही पहिली मोकळी पौर्णिमा येते. गच्चीवर ठेवलेलं दूध गार होणार, भांड्यावर दव येणार, अंगावर शिरशिरी येणार. सगळं खरं आहे, फक्त करणारा चंद्र नाही. अमावस्येला त्याच गच्चीवर तसंच दूध ठेवलंत तर तेवढंच गार होईल. पण अमावस्येला गच्चीवर गाणी म्हणत कोण बसणार, हाही मुद्दा आहेच.

इंटरनेटवर एक प्रयोग फिरतो. पाण्याची दोन भांडी, एक चांदण्यात, एक चांदण्याच्या सावलीत. सावलीतलं पाणी थोडं गरम निघतं आणि व्हिडिओवाला ओरडतो, बघा, चांदणं गार करतं! अरे बाबा, सावलीसाठी तू वर फळी धरलीस. त्या फळीनं चंद्र झाकला तसं आभाळही झाकलं. गोधडी तू स्वतःच घातलीस.

आणि या मोकळ्या आभाळाच्या गारठ्यावर खरीखुरी अभियांत्रिकी झालेली आहे, आपल्याच देशात, फ्रीज यायच्या कितीतरी आधी. रॉबर्ट बार्कर नावाच्या इंग्रजानं १७७५ मध्ये लिहून ठेवलंय की अलाहाबादकडं लोक रात्री बर्फ कसा बनवायचे. हवा गोठण्याइतकी थंड नसतानाही! दोन फूट खोल चौकोनी खड्डे. तळाला उसाचं नाहीतर वाळलेल्या ताटांचं वीतभर जाड अंथरूण. त्यावर ओळीनं उथळ, न भाजवलेल्यासारखी सच्छिद्र मातीची भांडी, त्यात बोटभर पाणी. संध्याकाळी भरायची, सूर्य उगवायच्या आत वरचा बर्फ गोळा करायचा. आता आपल्या भाषेत बघा: पाचट आणि कडबा खालून जमिनीची ऊब वर येऊ देत नव्हता, सच्छिद्र मातीतून थोडं पाणी उडून आणखी गारवा येत होता, आणि वरून आभाळ उष्णता ओढत होतं. पाचट तर आपण जाळून टाकतो.

हल्लीचं सांगायचं तर आश्वथ रामन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात कॅलिफोर्नियात एका गच्चीवर एक साधं यंत्र ठेवलं होतं. वर आभाळाकडं तोंड केलेली चकती, ती रात्री हवेपेक्षा गार पडते. खालची बाजू हवेच्या तापमानाला. या दोन तापमानांतल्या फरकावर वीज बनवायची. सूर्य नाही, चंद्र नाही, वारा नाही. मिळाली एका चौरस मीटरला २५ मिलीवॅट या हिशोबानं, आणि त्यावर एक एलईडी लागला. हसू नका. चांगलं सौर पॅनल पूर्ण चांदण्यात चौरस मीटरला अर्धा मिलीवॅट देईल, तेही फार झालं. म्हणजे अंधाराचं यंत्र चांदण्याच्या यंत्रापेक्षा पन्नास पट वरचढ, आणि ते अमावस्येलाही चालतं. कादंबरीत मी असतो तर खलनायकाला ही विद्या दिली असती. चांद्रविद्येचे पंडित पौर्णिमेची वाट बघतायत, आणि हा माणूस अवसेच्या रात्री काळी चकती घेऊन बसलाय.

मग चंद्रकांत मण्यातून खरंच पाणी काढता येईल का? हा प्रश्न आपल्या जिल्ह्यात विचारायलाच हवा, आपण टँकरची वाट बघून मोठे झालेलो. हिशोब सोपा आहे. एक लिटर वाफेचं पाणी व्हायला साधारण २५ लाख ज्यूल उष्णता बाहेर जावी लागते. आभाळ चौरस मीटरमागं ७० वॅट ओढतंय असं धरलं तर दहा तासांत बरोबर तेवढी जाते. म्हणजे कमाल मर्यादा चौरस मीटरला रात्री एक लिटर. प्रत्यक्षात वारा असतो, हवा कोरडी असते, त्यामुळं पाव लिटर मिळालं तरी नशीब. एक एकर पत्रे आडवे टाकले तर रात्री हजार लिटर, मोठ्या टँकरचा दहावा हिस्सा. गुजरातमध्ये कच्छच्या कोठारा भागात अहमदाबादच्या आयआयएमचे गिरजा शरण यांनी असे दवसापळे उभे करून दाखवले, पिण्याचं पाणी मिळवलं. पण तिथं समुद्र जवळ, हवा दमट. आपल्याकडं मार्च-एप्रिलमध्ये, जेव्हा पाणी खरं हवं असतं, तेव्हा हवाच कोरडी ठणठणीत. पत्रा गार पडेल, ओला होणार नाही. त्यामुळं याच्या नादी लागून कुणी दुष्काळ हटेल म्हणू नका. छोट्या कामाची गोष्ट आहे.

छोट्या कामाची म्हणजे कशी? आपल्या आज्या हेच करत आल्या आहेत. हरभऱ्याची आंब! थंडीत हरभरा फुलावर-घाट्यावर असताना त्याच्या पानांवर आंबट रस सुटतो. रात्री पिकावर स्वच्छ पातळ फडकं पसरायचं. दव पडतं, आंब त्यात विरघळते, फडकं भिजतं, आणि पहाटे ते पिळून बाटलीत भरायचं. पोटदुखीला, अपचनाला थेंब-थेंब द्यायचं. आभाळाचा गारवा वापरून झाडावरचा रस गोळा करणारं यंत्र, खर्च एक जुनं धोतर. चंद्रकांत मणी असलाच तर तो हाच, आणि त्याला चंद्र लागत नाही.

एवढं सगळं चंद्राकडून काढून घेतल्यावर त्याच्याकडं काही उरतं का? उरतं. आणि कादंबरीवाल्या मैत्रिणीला माझा खरा सल्ला इथं आहे.

(एक सोडून देतो: भरती-ओहोटी. ती चंद्राचीच, पण उजेडाची नाही, ओढीची. फ्रान्समधलं ला रान्सचं २४० मेगावॅटचं केंद्र १९६६ पासून त्यावर चालतंय. समुद्र नसलेल्या बीडला त्याचा उपयोग नाही, पुढं जाऊ.)

तुमचा मोबाईल बघा. टॉवरवरून त्याला जी लहर पोचते तिचा जोर साधारण एका वॅटच्या लाख कोटीव्या हिश्शाइतका असतो. बरोबर ऐकलंत, लाख कोटी. आणि त्यावर तुम्ही अख्खा सिनेमा बघता. कसं? कारण त्या लहरीचं काम ताकद देणं नाहीच, निरोप देणं आहे. ताकद बॅटरीतून येते. लहर फक्त सांगते काय करायचं. निरोप म्हणून बघितलं तर चांदणं कमजोर नाही, भरमसाट आहे! पौर्णिमेला चौरस मीटरला अडीच मिलीवॅट म्हणजे मोबाईलच्या दृष्टीनं ढगफुटी.

जिवांनी हे कधीच ओळखलंय. आफ्रिकेतला एक शेणकिडा रात्री शेणाची गोळी सरळ रेषेत ढकलत नेतो, आणि त्यासाठी चांदण्यातल्या प्रकाशलहरींची दिशा ओळखतो. २००३ मध्ये शास्त्रज्ञांनी हे दाखवलं. ताकद त्याच्या पायांत, चांदणं नुसतं होकायंत्र. ऑस्ट्रेलियाच्या किनाऱ्याजवळची प्रवाळं पौर्णिमेनंतरच्या रात्रींत एकदम अंडी सोडतात. चांदणं म्हणजे त्यांचं कॅलेंडर. आपली माणसंही तेच करतात. बीडहून दिवाळीच्या सुमारास लाखो ऊसतोड कामगार बाहेर पडतात, पहाटे अंधारात फडात उतरतात. कोयता चालवणारा हात स्वतःचाच, पण उजेड असलेल्या रात्री ऊस दिसतो, पाय कुठं पडतोय ते दिसतं. तेवढं काम चांदणं चोख करतं. मात्र साप दिसेल याची खात्री त्यात नाही, चांदण्यात रंग मरतात, लाल काळं दिसतं. तेव्हा कितीही लख्ख असलं तरी बॅटरी आणि बूट सोडू नका.

म्हणून तुझ्या राज्यात, बाई, चांदण्यानं मोट ओढू नकोस. चांदण्यानं कुलूप उघड. मोट बैलच ओढतील, पाणी वरच्या तळ्यातून उतारानंच येईल, पण दार कधी उघडायचं ते चंद्र ठरवेल. ताकद दुसऱ्याची, हुकूम चंद्राचा. अशी विद्या गणितात बसते आणि गोष्टीतही, कारण हुकूम चोरता येतो, अडवता येतो, खोटा बनवता येतो. खोटा चंद्र तर रशियानं केलाही होता. ४ फेब्रुवारी १९९३ ला अंतराळात २० मीटरचा आरसा उलगडला, नाव 'झ्नाम्या-२'. साधारण पाच किलोमीटर रुंद, पौर्णिमेएवढ्या उजेडाचा एक ठिपका त्या रात्री युरोपवरून झरझर सरकत गेला. १९९९ ला दुसरा, मोठा आरसा उघडताना अँटेनात अडकून फाटला आणि नाद सुटला.

शेवटी कापूसवाल्यांसाठी एक कामाचं. गेवराई, माजलगाव, वडवणीकडं बोंडअळीनं २०१७ ला काय केलं ते विसरलेलं नाही. त्या अळीचा पतंग रात्रीचा जीव. अवसेच्या आसपास अंडी जास्त पडतात, म्हणून अवस बघून फवारणी करायची, हे आपल्याकडं रानोरान बोललं जातं. त्यातली एक बाजू पक्की मोजलेली आहे: प्रकाश सापळ्यात पौर्णिमेच्या सुमारास पतंग कमी सापडतात. एकतर चांदण्यापुढं सापळ्याचा दिवा फिका पडतो, नाहीतर लख्ख रात्री पतंग कमी उडतात, बहुतेक दोन्ही. तुम्ही सापळ्याची वही ठेवत असाल आणि पौर्णिमेच्या चार दिवसांत आकडा खाली आलेला दिसला, तर अळी आटोक्यात आली म्हणून फवारणी पुढं ढकलू नका. आकडा चंद्रानं पाडलेला असू शकतो. वहीत तारखेशेजारी तिथी लिहा, या पौर्णिमेचा आकडा मागच्या पौर्णिमेशी लावून बघा, आणि त्या दिवसांत सापळ्यापेक्षा दहा-वीस बोंडं फोडून आत बघण्यावर जास्त भरवसा ठेवा.